ग्राउब्युंडेनची लाल गाडी : पाहुण्यांच्या आधी घरच्यांची

रूळसांधा (धागाकर्ता)

स्वित्झर्लंडच्या सहलीच्या फोटोंमध्ये एक फोटो ठरलेला असतो. उंच दगडी पूल, त्यावर वळण घेणारी लाल गाडी आणि पूल संपतो तिथेच कड्यात शिरणारा बोगदा. हा फिलिझूर गावाजवळचा लांडवासर पूल. ६५ मीटर उंच, १३६ मीटर लांब, १९०२ साली बांधून झालेला. फोटोखाली बहुतेक वेळा 'बर्निना एक्सप्रेस' नाहीतर 'ग्लेशियर एक्सप्रेस' लिहिलेलं असतं. पण याच पुलावरून पहाटेपासून रात्रीपर्यंत साध्या गाड्याही धावतात. त्यांत दप्तरं घेतलेली मुलं, हॉटेलात कामाला निघालेले स्वयंपाकी, बाजाराला आलेल्या आजी आणि सायकली असतात. त्या गाड्यांबद्दल मराठीत फारसं कुणी लिहिलेलं माझ्या वाचनात नाही, म्हणून हा धागा काढतोय.

ग्राउब्युंडेन हे स्वित्झर्लंडचं क्षेत्रफळाने सर्वांत मोठं कॅन्टन, म्हणजे आपल्याकडच्या राज्यासारखं. क्षेत्रफळ ७,१०० चौरस किलोमीटरच्या आसपास आणि लोकसंख्या जेमतेम दोन लाख. हे दोन लाख लोकही एका जागी नाहीत. तिथले लोक आपल्या मुलखात १५० खोरी आहेत असं सांगतात. एका खोऱ्यात जर्मन, दुसऱ्यात रोमान्श, तिसऱ्यात इटालियन. मध्ये दोन-अडीच हजार मीटरच्या खिंडी, त्यातल्या काही हिवाळ्यात बंद. अशा प्रदेशाला जोडून ठेवणारी रेल्वे म्हणजे रेटिशे बान. मीटर गेज (म्हणजे दोन रुळांत एक मीटर अंतर), सुमारे ३८५ किलोमीटर, शंभरावर बोगदे, सहाशेच्या आसपास पूल. स्थानिक लोक तिच्या आद्याक्षरांचा जर्मन उच्चार करून 'एर-हा-बे' म्हणतात.

सुरुवात मात्र पाहुण्यांसाठीच झाली. विलेम यान होल्सबोअर नावाचा एक डच माणूस. आधी जहाजावर कप्तान होता. बायकोला क्षय झाला म्हणून १८६७ साली तिला घेऊन दावोसला आला, कारण तिथली कोरडी थंड हवा क्षयाला मानवते असा त्या काळी डॉक्टरांचा विश्वास होता. बायको वाचली नाही, पण होल्सबोअर तिथेच राहिला आणि दावोसच्या आरोग्यधामांच्या उभारणीत पडला. रुग्णांना घोडागाडीने वर आणणं किती हालाचं आहे हे त्याने पाहिलेलं होतं. त्याला खरं तर रुंद रूळ हवे होते. पैसे पुरेनात, म्हणून मीटर गेज. १८८९ साली लांडक्वार्ट ते क्लोस्टर्स आणि १८९० साली दावोसपर्यंत गाडी पोचली. आजही तो मार्ग या रेल्वेचा मुख्य कणा आहे.

पुढचं जाळं झपाट्याने वाढलं. १८९६ला कॅन्टनची राजधानी कूरपर्यंत आणि कूरच्या पुढे टूसिस, १९०३-०४ मध्ये आल्बुलाच्या बोगद्यातून सेंट मॉरित्झ, १९१० साली बर्निना खिंडीवरून थेट इटलीतलं तिरानो, १९१२ला डिसेंटिस, १९१३ला एंगाडीन खोऱ्यातून श्कुओल, १९१४ला आरोसा. बर्निना आणि आरोसाचे मार्ग वेगळ्या कंपन्यांनी बांधले होते. १९४०च्या दशकात ते याच रेल्वेत आले. म्हणजे नकाशावर आज दिसणारं जवळजवळ सगळं पहिल्या महायुद्धाच्या आधीच तयार होतं. अपवाद एकच मोठा, त्याबद्दल खाली लिहितो.

आणखी एक गोष्ट इथे सांगायलाच हवी. १९०० ते १९२५ या काळात ग्राउब्युंडेनमध्ये मोटारगाड्यांना पूर्ण बंदी होती. हा प्रश्न वारंवार मतदानाला आला आणि लोकांनी वारंवार 'नको' सांगितलं. अरुंद रस्त्यांवर बुजणारी गुरं-घोडी, धूळ, रस्त्यांच्या दुरुस्तीचा खर्च अशी कारणं होती. नव्या रेल्वेवर कॅन्टनचा भरपूर पैसा लागलेला होता, हेही होतंच. १९२५च्या मतदानात बंदी उठली. तोवर पंचवीस वर्षं या मुलखाने प्रवास म्हणजे मुख्यतः रेल्वे आणि घोड्यांची टपालगाडी एवढंच ओळखलं होतं.

आता मला ज्याचं सगळ्यात जास्त कौतुक आहे त्याकडे येतो. ते म्हणजे वेळापत्रक.

१९८२ साली स्वित्झर्लंडने देशभर ठरावीक तासाचं वेळापत्रक आणलं. गाडी ८ वाजून अमुक मिनिटांनी असेल तर ९, १०, ११ वाजूनही त्याच मिनिटांनी. नंतर 'बान २०००' नावाचा कार्यक्रम डिसेंबर १९८७च्या सार्वमतात मंजूर झाला आणि त्याचा मोठा टप्पा डिसेंबर २००४ मध्ये अमलात आला. त्यामागचं सूत्र होतं : शक्य तितकं जलद नको, गरजेइतकं जलद हवं. मोठ्या जंक्शनवर सगळ्या दिशांच्या गाड्या साधारण एकाच सुमारास येतात, लोक गाड्या बदलतात आणि काही मिनिटांत सगळ्या गाड्या निघतात. दोन जंक्शनांमधलं अंतर या तालात बसेल इतकाच वेग वाढवायचा. त्याहून दोन मिनिटं वाचवायला कोट्यवधी ओतले, तर प्रवासी जंक्शनवर दोन मिनिटं जास्त थांबेल, बाकी काही मिळणार नाही.

डोंगरात याला आणखी अर्थ येतो, कारण रेटिशे बान बहुतांश एकेरी मार्ग आहे, म्हणजे जाणाऱ्या-येणाऱ्या गाड्यांना एकच रूळ. कोकण रेल्वेने गेलेल्यांना क्रॉसिंगचं थांबणं सांगायला नको. तासाला एक गाडी जात असेल आणि तासाला एक येत असेल, तर आपल्या गाडीला समोरची गाडी दर अर्ध्या तासाने भेटणार, आणि रोज, प्रत्येक तासाला, त्याच ठिकाणी भेटणार. मग जादा रूळ नेमका तिथेच टाकायचा. अर्ध्या तासाला एक गाडी करायची असेल तर भेट दर पंधरा मिनिटांनी, म्हणजे आणखी ठिकाणी दुसरा रूळ. आधी वेळापत्रक ठरतं आणि मग खडी कुठे पडणार ते ठरतं. आपण पाहत आलो ते बहुधा उलट असतं : आधी बांधकाम, मग त्यात बसेल तसं वेळापत्रक.

मोठा अपवाद म्हणालो तो वेराइना बोगदा. क्लोस्टर्सच्या वरून थेट एंगाडीन खोऱ्याच्या खालच्या भागात उतरणारा, १९ किलोमीटरहून थोडा जास्त, मीटर गेजवरचा जगातला सर्वांत लांब. १९८५ साली कॅन्टनच्या लोकांनी मतदान करून मंजूर केला, १९९१ला काम सुरू झालं, नोव्हेंबर १९९९ मध्ये गाड्या धावू लागल्या. त्याआधी हिवाळ्यात फ्लुएला खिंड बंद झाली की श्कुओलच्या माणसाला राजधानी कूरला जायला आल्बुलावरून लांबचा वळसा पडायचा. आता बोगद्यातून मोटारीसुद्धा गाडीवर चढवून नेतात, साधारण अठरा मिनिटांत पलीकडे. बोगद्यातही एकेरी रूळ आहे आणि मधोमध क्रॉसिंगसाठी दुसरा. पलीकडच्या टोकाला सल्याइन्स नावाचं एक स्टेशन आहे, तिथून बाहेर पडायला रस्ताच नाही. ते फक्त गाडी बदलण्यासाठी बांधलंय.

तांत्रिक बाजू, बर्फ, पैसा, माल यांवर ज्याला जे विचारायचं ते विचारा.

---

कर्जतकर

मस्त धागा! कर्जतला आमचं लहानपण बँकर, म्हणजे मागून ढकलणारी इंजिनं, लागताना बघण्यात गेलं. बोरघाटाचा चढ ३७ ला १ (३७ मीटर पुढे गेलं की १ मीटर वर), ती लावल्याशिवाय गाडी वर जात नाही. इथे चढ किती आहेत? आणि दातेरी रूळ आहे का? स्वित्झर्लंड म्हटलं की मला दातेरी रूळच आठवतो.

---

रूळसांधा

कर्जतकर, रेटिशे बानच्या स्वतःच्या आजच्या जाळ्यात दातेरी रूळ कुठेही नाही. सगळं नुसत्या चाक-रुळाच्या घर्षणावर. (डिसेंटिसच्या पुढे जी दुसरी रेल्वे सुरू होते तिच्यावर आहे, ग्लेशियर एक्सप्रेस तिथून पुढे जाते.)

तुमच्या भाषेत चढ सांगतो. आल्बुला मार्ग हजाराला ३५, म्हणजे साधारण २८ ला १. लांडक्वार्ट-दावोस हजाराला ४५, म्हणजे २२ ला १. आरोसा हजाराला ६०. आणि बर्निना हजाराला ७०, म्हणजे १४ ला १! तिरानो समुद्रसपाटीपासून ४२९ मीटरवर आणि ओस्पित्सियो बर्निना स्टेशन २,२५३ मीटरवर. खिंडीखालून बोगदा नाही, गाडी उघड्यावरून खिंड ओलांडते आणि हिवाळाभर ओलांडते.

आल्बुलावर चढ मर्यादेत ठेवण्यासाठी बेर्ग्युन ते प्रेडा या टप्प्यात रूळ स्वतःभोवती फिरवलेत. दोन गावांमधलं सरळ अंतर साडेसहा किलोमीटरच्या आसपास, रूळ त्याच्या जवळजवळ दुप्पट. डोंगराच्या पोटात गोल फिरून गाडी वरच्या मजल्यावर आल्यासारखी बाहेर पडते. सुरुवातीच्या वळणांत बेर्ग्युन गाव कधी डावीकडे, कधी उजवीकडे दिसतं.

वीजही लवकर आली. एंगाडीनचा मार्ग १९१३ साली विजेवरच सुरू झाला, ११,००० व्होल्टवर. पहिल्या महायुद्धात कोळसा मिळेनासा झाला आणि स्वित्झर्लंडकडे स्वतःचा कोळसा जवळपास नाहीच, म्हणून १९२२पर्यंत बाकी मुख्य मार्गही विजेवर आणले. बर्निना वेगळ्या कंपनीने बांधल्यामुळे तिथे आजही १,००० व्होल्ट डीसी आहे. २०१० पासून आलेल्या 'अलेग्रा' गाड्या दोन्हीवर चालतात.

---

सई_कूर

धागा पाहून राहवलं नाही. मी टूसिसला राहते आणि कूरच्या एका रुग्णालयात परिचारिका आहे. कूरला लोकल आहे हे सांगितलं की भारतातल्या नातेवाइकांना खरं वाटत नाही. एस-१ शियर्सकडून लांडक्वार्ट, कूर करत र्‍हेत्स्युन्सपर्यंत आणि एस-२ कूर ते टूसिस. डबे छोटे, पण लोकल ती लोकलच. तीच माणसं, त्याच जागा, तेच "सुप्रभात".

माझी पाळी पहाटेची असो वा दुपारची, मी वेळापत्रक बघत नाही, कारण मिनिटं पाठ आहेत. मुलगी मोठी झाल्यावर पुढच्या शाळेसाठी कूरला जाऊ लागली तेव्हा तिला कुणी सोडायला गेलं नाही. तिच्या वर्गातली अर्धी मुलं वेगवेगळ्या खोऱ्यांतून गाडीने येतात. मला विचाराल तर या रेल्वेचं सगळ्यात मोठं काम हेच आहे. शिकण्यासाठी मुलांना लहान वयात घर सोडावं लागत नाही, म्हणून गावात कुटुंबं टिकतात.

पासाला इथे 'ब्युगा' म्हणतात. पूर्ण कॅन्टनचा एक पास, त्यात रेल्वे आणि पिवळ्या टपाल-बस दोन्ही. कूरहून आरोसाची गाडी तर शहरात चक्क रस्त्यावरून जाते, ट्रामसारखी, मोटारींच्या सोबत. आणि तीच गाडी तासाभरात साडेअकराशे मीटर वर चढते.

नवीन येणाऱ्यांसाठी एक सूचना : छोटी स्टेशनं मागणीनुसार थांब्याची असतात. फलाटावर बटण दाबलं नाही तर गाडी समोरून निघून जाईल. उतरायचं असेल तर डब्यातलं बटण आधीच दाबा.

---

मंजिरी

सईताई, मुलांचं वाचून अगदी पटलं. माझ्या माहेरी दहावीनंतर प्रत्येक मुलाला तालुक्याला खोली घ्यावी लागते, आणि मुलींचं शिक्षण त्या खोलीपाशीच अडतं.

रूळसांधा, बस आणि गाडीचा मेळ खरंच जमतो का, की नुसतं कागदावर?

---

रूळसांधा

जमतो, आणि तो जमवण्यासाठीच सगळा खटाटोप आहे. इलांत्सला गाडी आली की स्टेशनबाहेर फाल्सची बस उभी असते. टीफेनकास्टेलला उतरलात की साव्होनियनची. झेर्नेत्सला उतरलात की ऑफेन खिंडीवरून म्युस्टाइर खोऱ्यात जाणारी बस, जी पुढे सीमा ओलांडून इटलीतल्या माल्स गावी जाते. बसचं वेळापत्रक रेल्वेच्या वेळापत्रकाला टाचलेलं असतं. वरच्या वाडीत तासाला, काही ठिकाणी दोन तासांनी बस असेल, पण ती येईल ती गाडीला गाठ घालूनच.

माल्सचं नाव आलंच आहे तर तिथली गोष्टही सांगतो. माल्स ते मेरानो हा दक्षिण तिरोलमधला ६० किलोमीटरचा मार्ग १९०६ सालचा. इटालियन रेल्वेने १९९० साली तो बंद केला. गाड्या जुन्या, फेऱ्या तुरळक, कनेक्शन जुळत नाही, मग कोण बसणार? पुढे प्रांताने मार्ग स्वतःकडे घेतला, स्टेशनं सावरली, नव्या गाड्या आणल्या, ठरावीक तासाचं वेळापत्रक लावलं, बस जुळवल्या आणि मे २००५ मध्ये पुन्हा सुरू केला. खोरं तेच, माणसं तीच आणि गाडीला इतकी गर्दी की नंतर विद्युतीकरण हाती घ्यावं लागलं. प्रवासी नाहीत म्हणून गाडी बंद करतात तेव्हा मला नेहमी हा मार्ग आठवतो.

---

आकडेमोड

लेखन आवडलं, पण मला एक प्रश्न टोचतोय. दोन लाख माणसांसाठी ३८५ किलोमीटर रेल्वे! एवढे पूल, बोगदे, बर्फ. तिकिटातून हे निघणं शक्यच नाही. श्रीमंत देशाची हौस म्हणून ठीक आहे, पण याला नमुना म्हणून बघणं कितपत योग्य?

---

रूळसांधा

प्रश्न रास्त आहे. तिकिटातून निघत नाही आणि तसा दावाही कुणी करत नाही. रेल्वेची अर्ध्याहून अधिक मालकी कॅन्टनकडे आहे, उरलेल्यातला बहुतांश हिस्सा स्विस संघराज्य सरकारकडे. स्थानिक प्रवासी सेवा कॅन्टन आणि संघराज्य मिळून आधी 'मागवतात' : या मार्गावर इतक्या फेऱ्या हव्यात, तिकिटातून इतकं येईल, कमी पडेल ते आम्ही देऊ. रक्कम आधी ठरते. वर्ष संपल्यावर तोटा झाला म्हणून आरडाओरडा होत नाही, कारण तो तोटा नसतो, विकत घेतलेल्या सेवेची किंमत असते. रूळ-पूल-बोगद्यांचा खर्च वेगळा. फेब्रुवारी २०१४च्या सार्वमतात लोकांनी त्यासाठी कायमस्वरूपी निधी मंजूर केला आणि २०१६ पासून तो चालू आहे.

पण श्रीमंतीचं म्हणाल तर थांबा. हे जाळं बांधलं गेलं तेव्हा ग्राउब्युंडेन गरीब होतं. इथली माणसं पोटासाठी पिढ्यान् पिढ्या बाहेर जात. व्हेनिसपासून रशियापर्यंत युरोपच्या शहरांत ग्राउब्युंडेनच्या हलवायांची दुकानं होती, कारण गावात सगळ्यांना पुरेल इतकी जमीन नव्हती. पैसा आला म्हणून रेल्वे बांधली असं इथे झालेलं नाही. रेल्वे आली आणि तिच्या मागून पैसा आला.

---

आकडेमोड

मागवण्याची पद्धत माहीत नव्हती, ती मला पटली. तरी एक मुद्दा सोडत नाही. दावोस आणि सेंट मॉरित्झसारखी गिऱ्हाइकं सगळ्यांकडे नसतात. पर्यटकांच्या पैशाशिवाय ही गाडी इतकी नीट राहिली असती का?

---

रूळसांधा

पर्यटकांचा वाटा मोठा आहेच, नाकारत नाही. आणि जिथे तो नव्हता तिथे एक मार्ग गेलासुद्धा. आल्प्सच्या दक्षिणेला बेलिन्झोना ते मेसोक्को असा याच रेल्वेचा एक सुटा मार्ग होता. उरलेल्या जाळ्याशी न जोडलेला, नामांकित गाव नसलेला. त्या खोऱ्यात मोठा रस्ता झाला आणि १९७२ साली प्रवासी गाड्या बंद झाल्या. त्या खोऱ्यात आज बस आहे. मला ते बंद होणं चूक वाटतं, पण तुमच्या मुद्द्याला ते उदाहरण लागू पडतं हे मान्य.

माझं म्हणणं इतकंच की उरलेल्या जाळ्यात पर्यटकांची गाडी आणि घरच्यांची गाडी वेगळी काढली नाही. पहाटेची मुलांची गाडी दुपारी गिर्यारोहक नेते, संध्याकाळी हॉटेलातल्या कामगारांना. त्याच रुळावर, त्याच डब्यांत. पाहुण्याने दिलेल्या तिकिटाच्या पैशावर नोव्हेंबरातली रिकामी गाडीही धावते, आणि नोव्हेंबरातही ती धावते म्हणून खोऱ्यात माणसं राहतात, म्हणून पाहुण्याला चहा द्यायला कुणीतरी असतं.

---

घाटमाथा

मी स्थापत्य अभियंता, कोकणात दरडींवरच काम केलंय. इथे दरड आणि हिमस्खलनाचं काय करतात? बोगद्यांची वयं शंभरीपार असतील ना?

---

रूळसांधा

धोका खरा आहे. ऑगस्ट २०१४ मध्ये टीफेनकास्टेलजवळ पावसाने भूस्खलन होऊन गाडी रुळावरून घसरली, एक डबा झाडांत अडकला म्हणून खोल घळीत गेला नाही. माणसं जखमी झाली. त्यातल्या एका वृद्ध प्रवाशाचा नंतर मृत्यू झाला. इतकी काळजी घेणाऱ्या ठिकाणीही डोंगर डोंगरच असतो.

उपाय बहुपदरी आहेत. वरच्या उतारांवर हिमस्खलन अडवणाऱ्या पोलादी जाळ्या आणि कठडे, त्याखाली जपलेलं जंगल (हे जंगल तोडायला कायद्याने मनाई असते, कारण ते गावाचं संरक्षण आहे), आणि रुळावर छत घातलेल्या गॅलऱ्या, म्हणजे बर्फ वरून सरकून दरीत जातो. बर्निनावर बर्फ कापून फेकणारी यंत्रं हिवाळाभर फिरतात. धोका फार वाढला तर मार्ग बंद ठेवतात, त्याला पर्याय नाही.

वयाबद्दल : आल्बुलाचा जुना बोगदा १९०३चा, ५,८६५ मीटर. तपासणीत बराचसा भाग वाईट अवस्थेत निघाला. गाड्या चालू ठेवून दुरुस्त करायचा की शेजारी नवा खणायचा, यावर हिशोब झाला आणि नवा खणायचं ठरलं. २०१४ला काम सुरू, जून २०२४ मध्ये नवा बोगदा वाहतुकीला खुला. जुना बुजवला नाही, तो आता संकटकाळी बाहेर पडायचा मार्ग आहे. दोघांना आडव्या वाटांनी जोडलंय. विशेष म्हणजे २००८ पासून आल्बुला-बर्निना मार्ग युनेस्कोच्या जागतिक वारशात आहे, तरी तिथे इतकं मोठं काम होऊ शकलं. वारसा म्हणजे हात न लावणं असं त्यांनी मानलं नाही. रोज धावणारी रेल्वे हाच वारसा, मग ती धावती ठेवायला जे लागेल ते करायचं.

---

हर्णैकर

मोटारबंदी वाचून माथेरान आठवलं. तिथेही मोटारींना बंदी आणि १९०७ची छोटी गाडी.

---

कर्जतकर

हर्णैकर, अगदी मनातलं बोललात. आमच्या नेरळची गाडी २००५च्या पावसात वाहून गेली ती २००७ साली सुरू झाली. २०१९च्या पावसाने पुन्हा नेरळ ते अमन लॉज बंद पडलं, ते २०२२च्या ऑक्टोबरात सुरू झालं. पावसाळ्यात तो टप्पा बंदच असतो. माथेरानात राहणाऱ्या माणसाच्या शाळेला, दवाखान्याला त्या गाडीचा उपयोग किती? सगळी चर्चा शनिवार-रविवारच्या गर्दीची. पीरभॉय कुटुंबाने एवढ्या जिद्दीने बांधलेली ती रेल्वे. तिथे राहणाऱ्यांसाठी सकाळ-संध्याकाळ एक भरवशाची फेरी कुणी आखली तर मी ती बघायला रोज स्टेशनवर उभा राहीन.

---

अबोली

मालवाहतूक राहिलीच की. एवढ्या वर किराणा, सिमेंट कसं जातं?

---

रूळसांधा

अबोली, बरी आठवण केलीत. सिमेंट, लाकूड, इंधन, टपाल आणि सुपरमार्केटचा भाजीपाला बराचसा रेल्वेने जातो. भाज्यांची मोठी चित्रं रंगवलेले कंटेनर एंगाडीनमध्ये रोज दिसतात. कूर ते डोमात-एम्स या टप्प्यात तीन रूळ टाकलेत, त्यामुळे देशातल्या रुंद मार्गावरच्या वाघिणी (मालाचे डबे) तशाच कारखान्यांपर्यंत जातात. बर्निना आणि आरोसा मार्गांवर तर प्रवासी गाडीलाच मालाच्या वाघिणी जोडलेल्या दिसतात. पुढे माणसं, मागे लाकडाचे ओंडके.

---

सई_कूर

आणि ती १०० डब्यांची गाडी? ती कुणीच काढली नाही! ऑक्टोबर २०२२, स्विस रेल्वेला १७५ वर्षं झाली म्हणून प्रेडापासून खाली आल्वानॉयपर्यंत १०० डब्यांची, १,९१० मीटर लांबीची गाडी उतरवली. २५ गाड्या एकमेकींना जोडलेल्या, सात चालक, सगळ्यांनी एका वेळी ब्रेक लावायचा. आमच्या वॉर्डातले रुग्णसुद्धा टीव्हीसमोर होते.

---

रूळसांधा

सई, बरोबर! आणि त्या २५ गाड्या खास बनवलेल्या नव्हत्या, तीच रोजची 'कॅप्रिकॉर्न' जातीची गाडी, जी तुम्हाला लांडक्वार्टला भेटते. अशा ५६ गाड्या घेतल्या, त्या अर्ध्या तासाच्या वेळापत्रकाच्या तयारीसाठी. आपोआप जोडता-सोडता येतात. लांडक्वार्टहून एक लांब गाडी निघते, क्लोस्टर्सला दोन तुकडे होतात, एक दावोसला, दुसरा वेराइनातून एंगाडीनला. एकेरी मार्गावर एका जागेत दोन गाड्या बसवायची ही युक्ती आहे.

---

मंजिरी

पुढच्या जूनमध्ये आई-बाबांना घेऊन जायचंय. बर्निना एक्सप्रेसचं आरक्षण करू का साधी गाडी? बाबांना गुडघ्याचा त्रास आहे.

---

रूळसांधा

मंजिरी, साधी गाडी. रूळ तेच, डोंगर तेच, आरक्षण लागत नाही आणि वाटेत कुठेही उतरून तासाभराने पुढची पकडता येते. सेंट मॉरित्झ ते तिरानो हा टप्पा ६१ किलोमीटरचा, अडीच तासांच्या आसपास. आल्प ग्र्युमला उतरा, स्टेशनातच खाण्याची सोय आहे, समोर पाल्यू हिमनदी दिसते, बाबांना चालावं लागणार नाही. पोस्कियावोला जेवण करा. खाली ब्रुझिओचा गोल पूल येईल तेव्हा उजव्या बाजूच्या खिडकीशी बसलेलं बरं. सवलतीच्या 'हाफ-फेअर' कार्डाचा हिशोब निघण्याआधी करून बघा, चार-पाच दिवस फिरणार असाल तर बहुधा फायद्यात पडेल. नव्या गाड्यांचे दरवाजे फलाटाच्या पातळीला आहेत, पण जुने डबे अजून काही फेऱ्यांना असतात. बाबांना घेऊन चढताना गार्डला हात दाखवा, तो थांबतो.

---

सई_कूर

आणि मंजिरी, कूरला गाडी बदलताना वेळ काढा. स्टेशनच्या छतावर टपाल-बसचं मोठं स्थानक आहे, लिफ्टने वर जाता येतं. मला आधी कळवलंत तर माझी सुट्टी जुळवते, बाबांच्या बॅगा मी घेईन.